ती काही घेत नाही

मी जळकी आहे. हे आधीच सांगून टाकते, नाहीतर पुढे तुम्ही म्हणाल, बाई आजाराबद्दल लिहायला बसली आणि नवऱ्याच्या पेशंटांच्या नावाने बोटं मोडत सुटली. तर हो, मोडणार आहे. माझ्या पोटातलं रक्त जेवढं खरं होतं तेवढीच ही जळजळही खरी होती. एक गाळून दुसरं सांगितलं तर ते तुमच्या काही उपयोगाचं नाही.

माझे मिस्टर डोंबिवलीत फिजिशियन आहेत. सगळी डोंबिवली त्यांना डॉक्टर म्हणते, मीही डॉक्टरच म्हणते. तळमजल्यावर दवाखाना, शेजारी नानांचं मेडिकल, दुसऱ्या मजल्यावर आम्ही. पण डॉक्टरांचं नाव झालं ते दवाखान्यामुळे नाही, कमी औषधं लिहिण्यामुळे. साध्या सर्दीतापाला अँटिबायोटिक नको, अंग दुखलं की इंजेक्शन नको, लांबलचक चिठ्ठी लिहिणारा डॉक्टर हुशार असतो असं समजू नका, हे ते पहिल्यापासून सांगत आलेत. औषध विकायला येणाऱ्या कंपन्यांच्या एमआर लोकांना त्यांनी दार बंद केलं. चिठ्ठीशिवाय द्यायच्या नाहीत त्या गोळ्या दुकानात शेंगदाण्यासारख्या विकल्या जातात, त्यावर नुसता कागदावर कायदा नको, म्हणून निवेदनं घेऊन मंत्रालयाच्या पायऱ्या झिजवल्या. निम्मे डॉक्टर त्यांच्याशी बोलत नाहीत. उरलेले त्यांना भाषणाला बोलावतात.

त्यांची पद्धत एकच, आधी ऐकायचं. पेशंट बोलून दमेपर्यंत ऐकायचं, मग ठरवायचं. दवाखान्यातून बायका डोळे पुसत बाहेर पडायच्या आणि जिन्यात मी दिसले की म्हणायच्या, "वहिनी, तुम्ही किती नशीबवान! असा माणूस घरात!"

मी हसायचे. दुसरं काय करणार?

डॉक्टरांच्या घरात पेशंट नसतो

हे डॉक्टरांच्या बायकांना लगेच कळेल, बाकीच्यांना सांगावं लागेल. आमच्या घरात कुणाचा केसपेपर नसतो. कुणी तपासून घ्यायला बसत नाही. दुखणं बेसिनपाशी, चपला घालताना, फार तर वरणाची वाटी पुढे करताना सांगायचं, आणि उत्तरही तेवढ्यातच मिळतं.

"अहो, आज परत डोकं ठणकतंय."

"पाणी कमी पितेस. पड जरा."

झालं. संपली आमची ओपीडी. मी पडायचे. खाली कुणीतरी अनोळखी बाई त्यांच्यासमोर बसून आपली झोप का उडाली ते सासूपासून सांगत असायची, आणि हे हनुवटीवर हात ठेवून ऐकत असायचे. त्यांची ती ऐकण्याची बसायची तऱ्हा मला माहीत होती, कारण लग्नाआधी ती माझ्यासाठी होती.

मला गोळी नको होती हो. मला त्यांच्यासमोरच्या त्या खुर्चीत बसायचं होतं. ती मिळेना म्हणून मी गोळी घेतली.

गॅलरीतून दोरीला टोपली बांधून खाली सोडायची आणि नानांना हाक मारायची. इतर कुणी चिठ्ठीशिवाय आलं तर नाना डॉक्टरांच्या धाकाने कुरकुरत का होईना परत पाठवायचे. माझ्या टोपलीत मात्र गोळ्यांचं पाकीट पडायचं. एकदा मीच म्हटलं, "नाना, चिठ्ठी नाही हां." ते म्हणाले, "वहिनी, काय लाजवता! घरात डॉक्टर असताना तुमच्याकडून चिठ्ठी मागू?" त्यांना वाटायचं डॉक्टरांना ठाऊक आहे. डॉक्टरांना वाटायचं आपल्या घरात असलं काही येतच नाही. दोघांचा एकमेकांवर इतका विश्वास की मधून माझी टोपली आरामात वरखाली होत राहिली.

आधी डोकं दुखलं की गोळी घ्यायचे. मग दुखेल असं वाटलं की. मग सकाळी चहाबरोबरच, म्हणजे प्रश्नच नको. आणि डोकं? ते तर जास्तच दुखायला लागलं.

घोडबंदर रोडची बाई

आमची मुलगी ऋता घोडबंदर रोडला राहते. तिच्या सोसायटीच्या क्लबहाउसमध्ये डॉक्टरांचं भाषण ठरलं. पुढच्या रांगेत मी, नेसून-सवरून. भाषण चांगलं झालं, त्यांचं होतंच. नंतर एक बाई उभी राहिली. पायात धावायचे बूट, केस वर बांधलेले, माझ्याहून दहा वर्षांनी तरी लहान.

"मी डोंबिवलीला सरांकडे गेलेले," ती म्हणाली. "मायग्रेनसाठी. त्यांनी माझं सगळं ऐकून घेतलं. ऑफिस, घर, सगळं. आय मीन, माझ्या नवऱ्याने कधी एवढं ऐकलं नाहीये! मला तिथे रडूच आलं."

टाळ्या पडल्या. डॉक्टर संकोचून हसले. मी उठले, बाथरूममध्ये गेले, पर्समधून दोन गोळ्या काढल्या आणि नळाच्या पाण्याबरोबर गिळल्या. डोकं दुखत होतं का, मला आठवत नाही. मेली, माझंच डोकं दुखणं घेऊन माझ्याच नवऱ्यासमोर बसून आली होती!

ऋताच्या स्वयंपाकघरात

त्यानंतर काही आठवड्यांनी मी ऋताकडे गेलेले. थकवा होता, पोटात सारखी जळजळ, शौचाला काळं होत होतं. काळं म्हणजे आत कुठेतरी रक्त, हे डॉक्टरांच्या बायकोला कळू नये? कळत होतं. पण कळलं असं स्वतःला सांगितलं तर गोळ्या थांबवाव्या लागतील, म्हणून सांगितलं नाही. पोळ्या लाटता लाटता ओट्याची कड सुटली आणि मी खाली बसले. मग उलटी झाली, रक्ताची.

"आई! आई, तू पांढरीफटक पडलीयेस! बाबांना लावते फोन!"

बाबांचा फोन बंद. ते भिवंडीला भाषणात होते. ऋताने गाडी काढली आणि आम्ही घोडबंदर रोडच्या ट्रॅफिकमध्ये अडकलो. ती हॉर्नवर हात दाबून रडत होती आणि मी मागच्या सीटवर आडवी पडून विचार करत होते की त्यांच्यासमोर आत्ता कोण बसलं असेल. मरायला टेकल्यावर तरी माणसाने चांगले विचार करावेत ना? मला हेच सुचलं. भीती नंतर आली, स्ट्रेचरवर चढवल्यावर, छताचे दिवे मागे सरकायला लागले तेव्हा.

ठाण्याच्या त्या हॉस्पिटलमध्ये डॉक्टर धावतपळत पोचले तेव्हा माझ्या हाताला सलाईन लागलं होतं. कॅज्युअल्टीतल्या तरुण डॉक्टरने त्यांना ओळखलं. "सर, तुम्ही!" मग विचारलं, "मॅडम काही औषधं घेतात का? पेनकिलर वगैरे?"

माझे ओठ हलले. पण प्रश्न मला नव्हता.

"नाही," डॉक्टर ठामपणे म्हणाले. "ती काही घेत नाही."

आणि तसं लिहिलं गेलं. एवढा मोठा माणूस, साऱ्या जिल्ह्याला गोळ्या टाळायला शिकवणारा, त्याच्या बायकोबद्दल त्यालाच विचारणार ना! मी तिथेच होते, शुद्धीवर होते, त्यांच्या कोपरापासून हातभर अंतरावर. माझ्याकडे कुणी पाहिलं नाही.

स्टूल ओढून बसलेली बाई

दुर्बीण घातली, पोटात जखमा सापडल्या, रक्त चढवलं. दुसऱ्या दिवशी सकाळी राउंडला डॉ. शेख आल्या. तिशी-पस्तिशीची मुलगी, गळ्यात स्टेथोस्कोप, ओढणी सारखी खांद्यावरून घसरणारी. डॉक्टर माझ्या उशाशी उभे होते आणि तिला माझी हकिकत सांगायला लागले.

"सर, तुम्ही जरा बाहेर बसता का?" ती म्हणाली. "मला मॅडमशी बोलायचंय."

डॉक्टरांना बाहेर बसा म्हणणारं माणूस मी पहिल्यांदाच पाहिलं. ते गेले. तिने स्टूल ओढलं, बसली, आणि म्हणाली, "अशा जखमा उगाच होत नाहीत. रागावणार नाही मी. तुम्ही सांगा."

मी सांगितलं. टोपलीसकट. त्या खुर्चीसकट. रडून उशी भिजली. तिने मध्ये एकदाही घड्याळ पाहिलं नाही. शेवटी म्हणाली, "डोकं का थांबत नाही माहितीये? आता ते गोळ्यांमुळेच दुखतंय. रोज घेतल्या की असं होतं. सगळ्या बंद केल्या तर आधी खूप वाढेल, मग सुटेल. मी बरोबर असेन."

मग माझी परवानगी घेऊन तिने ते डॉक्टरांना सांगितलं.

ते आत आले आणि पलंगाच्या पायाशी उभे राहिले. चेहरा असा झालेला की मला त्यांची दया यायला हवी होती.

"रोज घेत होतीस?"

"रोज."

"कधीपासून?"

"ऋता कॉलेजात होती तेव्हापासून."

"मला सांगितलं का नाहीस?"

"नंबर लागला नाही," मी म्हटलं.



शेजारचा पलंग

हॉस्पिटलचं रुटीन म्हणजे पहाटे टोचून उठवायचं, मग गार झालेला चहा, मग राउंड, मग दुपार, जी संपतच नाही. माझ्या शेजारी जनाबाय होती, शीळफाट्याच्या बाजूच्या गावची. जमिनी असलेलं घर, हातात सोन्याच्या जाड पाटल्या. तिला भेटायला अख्खं गाव लोटायचं. तिचा म्हातारा सकाळी यायचा तो भेटायची वेळ संपली तरी उठायचा नाही. मोसंबं सोलून, एकेक बी काढून तिच्या तोंडात फोड भरवायचा.

जनाबायला औषधाची हौस दांडगी. नर्स आली की, "मना सुई टोच गो बाय! नुसत्या गोल्यांनी काय व्हतं?" आणि मला, "तुजा नवरा डाक्तर हाय ना? मंग तो बसत कसा नाय?"

"कामं असतात," मी म्हणायचे.

खरं तर डॉक्टर रोज यायचे. डोंबिवलीहून, दवाखाना आवरून, शीळफाट्याच्या गर्दीतून. पण आले की आधी पलंगाला लावलेली फाइल उचलायचे आणि ती नीट, पानन् पान वाचायचे. मला माझ्या फाइलचा हेवा वाटायचा. जनाबायच्या म्हाताऱ्याला वाचता येत नव्हतं, म्हणून तो तिच्या तोंडाकडे बघत बसायचा. देवा, किती जळले मी त्या दोघांवर! पण त्यातली एक फोड तो रोज मलाही द्यायचा, आणि मी खायचे. तेवढ्याने दुपार ढकलली जायची.

घरी

तुमच्यापैकी कुणी रोज डोकेदुखीची गोळी घेत असाल तर माझं वाचून आपल्या मनाने बंद करू नका. डॉक्टरला सांगा, आणि तो घरातला नसेल असा बघा.

बंद केल्यावरचे पहिले आठवडे मी शत्रूलाही देणार नाही. पडदे ओढलेले, डोक्याला ओलं फडकं, कुकरच्या शिट्टीनेही ओकारी. टोपली ऋताने फेकून दिली होती. एका गोळीसाठी मी काय वाटेल ते केलं असतं. एकदा ऋता आली, पर्समधून सहज एक गोळी काढून पाण्याबरोबर घेतली आणि तासाभराने फोनवर मैत्रिणीशी हसत होती. पोटची पोर, पण तिचं ते हसणं मला बघवेना. मी म्हटलं, "माझ्यासमोर घेऊ नकोस गं." ती आधी गोंधळली, मग माझ्या कुशीत येऊन पडली.

डॉक्टर खाली जाऊन नानांना फाडफाड बोलून आले. नाना एवढंच म्हणाले, "डॉक्टर, पण तुम्हाला ठाऊक नव्हतं?" दुकानात गिऱ्हाइकं होती. हे वर आले. मग कधी नव्हे ते स्वयंपाकघरात शिरले आणि माझ्यासाठी मऊ भात केला. खाली लागलेला होता. मी सगळा खाल्ला.

पण विचारलं त्यांनी तेव्हाही नाही. माझ्या आजारावरचं जे मिळेल ते वाचून काढलं आणि मला समजावून सांगितलं की माझ्या डोक्यात काय चाललंय. माझ्याच डोक्यात! मी ऐकलं. ऐकणं मला चांगलं जमतं.

‘एक बाई’

मग एक दिवस ते कागद-पेन घेऊन पलंगावर बसले. ठाण्याला मोठी सभा होती, औषध खात्याचे अधिकारी येणार होते, नियम कडक करायचा विषय होता.

"तुझी केस सांगू का?" त्यांनी विचारलं. "नाव नाही घेणार. एक बाई, वय पन्नासच्या पुढे, डोंबिवली. फार परिणाम होईल गं." आणि मग, हनुवटीवर हात ठेवून, "पहिल्यांदा कधी दुखलं?"

इतकी वर्षं ज्या प्रश्नासाठी मी झुरले तो असा आला. आणि मी, मूर्खासारखी, सांगायला लागले! सासूबाई गेल्या ते वर्ष, ऋताची परीक्षा, ते रविवारीही शिबिरांना जायचे ते दिवस. ते लिहीत होते. मध्येच म्हणाले, "थांब, थांब, हे महत्त्वाचं आहे. मेडिकलवाला नेमकं काय म्हणाला ते परत सांग."

नानांचं वाक्य महत्त्वाचं होतं. रविवार नव्हते. मला त्या कागदावरच्या ‘एक बाई’चा असा हेवा वाटला की सांगता सोय नाही. ते तिचं ऐकत होते. मी नुसती तिच्या वतीने बोलत होते.

"ही केस मिळणार नाही," मी म्हटलं.

"अगं, पण किती लोकांचं भलं होईल! तुझ्यासारख्या किती बायका असतील."

"असतील. त्यांना मी सांगेन. तुम्ही नाही."

ते म्हणत होते ते खरं होतं, मला ते तेव्हाही पटत होतं. त्या नियमासाठी ते आयुष्यभर झगडलेत आणि त्यांच्या हातात माझ्याहून चांगलं उदाहरण नव्हतं. तरी नाही म्हटलं. ते माझ्याशिवाय बोलले, आणि छान बोलले म्हणे. मी हे लिहायला घेतलं ते त्याच आठवड्यात.

बाहेरचं बाकडं

महिन्याभरापूर्वी डॉ. शेखकडे तपासणीला गेलो. रक्त भरून आलंय, पोट शांत आहे, डोकं अधूनमधून दुखतं पण माणसासारखं दुखतं. डॉक्टर गाडी चालवत घेऊन गेले आणि माझ्या मागोमाग केबिनमध्ये शिरायला लागले. मीच वळून म्हटलं, "तुम्ही बाहेर बसा ना." ते बाकड्यावर बसले, बाकीच्या नवऱ्यांच्या रांगेत.

आत आम्ही दोघी बोललो. औषधाचं कमी, बाकीचंच जास्त. तिला बाळ होणार आहे, त्याचंही निघालं. आम्ही हसलो, जरा मोठ्यानेच. बाहेर आले तेव्हा डॉक्टर दाराकडेच बघत होते.

गाडीत बसलो. कळवा गेलं, मुंब्रा गेलं. मग समोर बघतच म्हणाले, "एवढं काय बोलता तुम्ही?"

तो आवाज मी ओळखला. ओळखणारच. जिन्यात बायकांशी हसताना माझ्या पोटात तोच असायचा.

"तुम्हाला जळतंय का?" मी विचारलं.

मला वाटलं होतं उडवून लावतील. पण म्हणाले, "हो. मला नाही आवडत. ती कोण कुठली, तिला सगळं माहीत. आणि मी बाहेर बाकड्यावर बसून तुमचं हसणं ऐकायचं?"

वाईट वाटायला हवं होतं, चांगली बायको असते तर वाटलंही असतं. मला इतकं बरं वाटलं की मी काच खाली केली आणि वारा घेतला. शीळफाट्याला गाड्या ठप्प होत्या. त्यांनी इंजिन बंद केलं.

"मला सांग ना," ते म्हणाले.

"सल्ला द्यायचा नाही."

"नाही देणार."

मी रविवारपासून सुरू केलं. त्या रिकाम्या रविवारांपासून. दोनदा त्यांनी काहीतरी म्हणायला तोंड उघडलं आणि दोनदा मिटलं. पुढच्या गाड्या हलल्या, मागचे हॉर्न मारायला लागले, आम्ही निघालो, मी बोलतच होते. डोंबिवली आली. दवाखान्याबाहेर पेशंट थांबले होते, त्यांनी गाडी बघितली आणि उठून उभे राहिले. डॉक्टरांनी गाडी लावली. उतरले नाहीत.

"अजून काही राहिलंय?" त्यांनी विचारलं.

राहिलं होतंच.